कुणाबरोबर खेळत होतास?

ऑक्टोबर २०२५ च्या पहिल्या आठवड्यात मुंबईत राज्य पोलीस मुख्यालयात सायबर जागरूकता महिन्याचे उद्घाटन झाले. मुख्यमंत्री देवेंद्र फडणवीस या कार्यक्रमास उपस्थित होते. अशा समारंभांत भाषणे होतात, छायाचित्रे निघतात आणि दुसऱ्या दिवशी सारे विसरले जाते. या समारंभात मात्र अभिनेते अक्षय कुमार यांनी स्वतःच्या घरातला एक प्रसंग सांगितला आणि तो विसरण्याजोगा नव्हता. काही महिन्यांपूर्वी त्यांची अल्पवयीन मुलगी ऑनलाइन गेम खेळत होती. समोरचा खेळाडू अनोळखी. खेळता खेळता त्याच्याकडून संदेश आला, तू मुलगा आहेस की मुलगी? तिने ‘मुलगी’ असे उत्तर दिले. त्यानंतर त्या अनोळखी माणसाने तिची विवस्त्र छायाचित्रे मागितली. मुलीने तत्क्षणी सारे बंद केले आणि उठून आईला जाऊन सांगितले.

या प्रसंगातील दोन गोष्टी ध्यानात घेण्यासारख्या आहेत. पहिली अशी की, हा प्रकार कोण्या अंधाऱ्या गल्लीत घडलेला नाही, तो राहत्या घरात घडला. ज्या घराला पैशाची वा सुरक्षेची वाण नाही, त्या घरातही तो अनोळखी माणूस विनासायास शिरला. मग आपल्या दोन-तीन खोल्यांच्या घरांची काय कथा! दुसरी गोष्ट अशी की, ती मुलगी उठली आणि तिने आईला सांगितले. चर्चा साहजिकच पहिल्या गोष्टीची झाली. आमच्या मते दुसरी गोष्ट अधिक महत्त्वाची आहे. कारण पहिली गोष्ट आज कोणत्याही घरात घडू शकते. दुसरी मात्र प्रत्येक घरात घडेलच, अशी खात्री आपल्यापैकी किती जणांना देता येईल?

मराठी घरांत दिवेलागणीला मूल खेळून परतले की आईचा एक प्रश्न ठरलेला असे, ‘कुणाबरोबर खेळत होतास?’ त्या प्रश्नात चौकशी होती, संशय नव्हता. मूल नावे सांगे आणि त्या नावांमागची घरे आईला ठाऊक असत. हा अमक्यांचा धाकटा, ती तमक्यांची नात, तो नव्या बिऱ्हाडातला मुलगा. एखादे नाव अनोळखी निघाले, तर दुसऱ्या दिवशी ती सहज म्हणून अंगणाच्या कडेला येऊन उभी राही आणि पाहून जाई. एवढ्यानेच पुष्कळ काम होत असे. आज तेच मूल दिवाणखान्यात, आपल्या डोळ्यांसमोर, कानांना हेडफोन लावून दोन-दोन तास खेळते. ते घरातच आहे या समाधानात आपण तो प्रश्न विचारणेच सोडून दिले आहे. वस्तुतः तो विचारण्याची खरी निकड आजच निर्माण झाली आहे.

ऑनलाइन गेम म्हणजे मूल आणि यंत्र यांच्यातला खेळ, अशी अनेक पालकांची समजूत असते. ती मुळातच चुकीची आहे. १९७८ साली इंग्लंडमधील एसेक्स विद्यापीठात रॉय ट्रबशॉ आणि रिचर्ड बार्टल या दोन विद्यार्थ्यांनी ‘मड’ नावाचा एक खेळ तयार केला. त्यात चित्रे नव्हती, केवळ अक्षरे होती. परंतु अनेक जण एकाच वेळी त्यात उतरत आणि एकमेकांशी बोलत. अनेकांनी मिळून खेळण्याच्या पुढच्या ऑनलाइन खेळांचा हा मूळपुरुष. म्हणजे दुसऱ्या खेळाडूशी बोलणे ही या खेळांना मागाहून चिकटवलेली सोय नसून त्यांच्या जन्मापासूनचे ते अंग आहे. २००४ साली आलेल्या ‘वर्ल्ड ऑफ वॉरक्राफ्ट’ या गाजलेल्या खेळात एकाच खेळाडूला पाठवायच्या खासगी संदेशाला ‘व्हिस्पर’, म्हणजे कुजबुज, असे नाव आहे. नाव अगदी नेमके आहे. चारचौघांत बोलणे वेगळे आणि कानाशी लागून कुजबुजणे वेगळे, हे आपल्या घरातल्या वडीलधाऱ्यांना कोणी शिकवावे लागत नाही.

आजच्या बऱ्याच खेळांत बोलण्याचे तीन प्रकार असतात. पहिला सर्वांना दिसणारा. दुसरा आपल्या चमूपुरता; चौघांची तुकडी करून खेळायच्या खेळांत तो प्रत्यक्ष आवाजी संवाद असतो आणि त्या तुकडीतील उरलेले तिघे पुष्कळदा खेळानेच परस्पर जोडून दिलेले अनोळखी असतात. तिसरा प्रकार म्हणजे खासगी संदेश. पहिल्या दोहोंत निदान इतर खेळाडूंचे डोळे आणि कान असतात. तिसऱ्यात तिसरा माणूसच नसतो. गेम कंपन्या शब्द गाळणारी यंत्रणा बसवितात, अश्लील शब्द आणि दूरध्वनी क्रमांक अडवितात. पण अक्षरांच्या जागी आकडे घालून ही चाळणी चुकविणे दहा वर्षांच्या मुलालाही जमते. मुरलेल्या भामट्याला ते का जमू नये?

येथे एका गोष्टीची नोंद न्यायबुद्धीने केली पाहिजे. खेळातील हे बोलणे मुळात वाईट नाही. नॉर्वेमधील मॅट्स स्टीन हा तरुण स्नायू क्षीण करीत नेणाऱ्या दुर्धर व्याधीमुळे चाकाच्या खुर्चीला खिळलेला होता. २०१४ साली वयाच्या पंचविसाव्या वर्षी तो वारला. आपला मुलगा मित्रांवाचून, एकाकी जगून गेला, या दुःखाने त्याचे आईवडील व्याकूळ झाले होते. त्यांनी त्याच्या ऑनलाइन परिचितांना मृत्यूची वार्ता कळविली आणि निरनिराळ्या देशांतून ईमेलचा ओघ सुरू झाला. ‘वर्ल्ड ऑफ वॉरक्राफ्ट’मध्ये त्याच्याबरोबर खेळणाऱ्यांनी लिहिले की, आमच्या पडत्या काळात त्याने आम्हांला धीर दिला होता. काही जण त्याच्या अंत्यविधीसाठी नॉर्वेला आले. २०२४ साली त्याच्या आयुष्यावरील माहितीपट जगापुढे आला. हे उदाहरण सांगण्याचे कारण दुहेरी आहे. या माध्यमातून खरीखुरी मैत्री होऊ शकते, हे मान्य केल्याशिवाय मुले आपले ऐकणार नाहीत, हे एक. आणि दुसरे असे की, इतके चांगले काही घडत होते तेही घराला मुलाच्या मृत्यूनंतर कळले. चांगले घडो वा वाईट, ज्या खोलीत ते घडते तिचे दार घरच्यांना माहीतच नसते, हे या प्रश्नाचे मर्म आहे.

आणि ज्या दाराने सुहृद येतो, त्याच दाराने भामटाही येतो. त्याच्या येण्याची रीत ठरलेली असते. पहिला संदेश कौतुकाचा असतो. काय सुरेख खेळलास, तुझ्यासारखा गडी पाहिला नाही! ज्या मुलाला घरी आणि शाळेत परीक्षेतील गुणांखेरीज कशाचीच शाबासकी मिळत नाही, त्याला हे चार शब्द किती मोलाचे वाटत असतील, याची कल्पना करावी. मग भेट येते. खेळातील नाणी, पोशाख, शस्त्रे खऱ्या पैशांनी विकत घ्यावी लागतात. आईबाबांनी नाकारलेली ती वस्तू हा ‘दादा’ सहज देऊन टाकतो. मग वय, शहर, शाळा, घरी कोण कोण असते, अशी विचारपूस होते. मग ‘हे आपल्या दोघांतच ठेवायचे’ असा करार होतो. त्यानंतरची पायरी पालकांनी मनात कोरून ठेवावी अशी आहे. ‘इथे नको, आपण दुसऱ्या ॲपवर बोलू.’ खेळातून बाहेर पडून खासगी संदेशांच्या ॲपवर गेले की गेम कंपनीची उरलीसुरली चाळणीही संपते. मग छायाचित्राची मागणी येते आणि छायाचित्र हाती पडले की धमकी येते. इंग्रजीत या साऱ्याला ‘ग्रूमिंग’ म्हणतात. मराठीत यासाठी फार जुना वाक्प्रचार आहे, केसाने गळा कापणे.

हे संकट केवळ मुलींवरचे आहे, असेही कोणी मानू नये. डिसेंबर २०२२ मध्ये अमेरिकेच्या एफबीआय या तपास यंत्रणेने देशभरातील पालकांना जाहीर इशारा दिला होता. अल्पवयीनांकडून नग्न छायाचित्रे मिळवून त्यांच्या आधारे पैसे उकळण्याच्या प्रकारांत मोठी वाढ झाली असून त्यात प्रामुख्याने मुलगे बळी पडत आहेत, असे त्यात म्हटले होते. कित्येक मुलांनी या धमक्यांपायी आत्महत्या केल्या. मुलगी जपायची आणि मुलाला मोकळे सोडायचे, या आपल्या जुन्या हिशेबाला येथे आधार उरत नाही.

मग या कंपन्यांची जबाबदारी काय? ‘फोर्टनाइट’ हा खेळ बनविणाऱ्या एपिक गेम्स या कंपनीने डिसेंबर २०२२ मध्ये अमेरिकेच्या फेडरल ट्रेड कमिशनशी तडजोड करून ५२ कोटी डॉलर भरण्याचे मान्य केले. त्यांपैकी २७.५ कोटी डॉलर मुलांच्या गोपनीयतेच्या कायद्याचा भंग केल्याबद्दलचे होते. आयोगाचा एक प्रमुख आक्षेप असा होता की, या खेळात लिखित आणि आवाजी संवादाची सोय मूळ रचनेतच चालू ठेवलेली होती आणि त्यामुळे लहान मुले परक्या माणसांशी थेट जोडली जात होती. कंपनीतील काही कर्मचाऱ्यांनीच ही रचना बदलण्याचा आग्रह धरला होता, असेही आयोगाने नमूद केले. या तडजोडीनुसार मुलांसाठी ही सोय आरंभी बंद ठेवणे कंपनीवर बंधनकारक झाले.

‘रोब्लॉक्स’ हा तर लहान मुलांमध्येच विशेष लोकप्रिय असलेला मंच. तो २००६ साली सुरू झाला; तेरा वर्षांखालील मुलांना खेळाबाहेर खासगी संदेश पाठविण्याची वाट त्याने बंद केली ती नोव्हेंबर २०२४ मध्ये. मधल्या काळात एक पिढी लहानाची मोठी झाली. ऑगस्ट २०२५ मध्ये अमेरिकेतील लुइझियाना राज्याने, मुलांचे रक्षण करण्यात कसूर केल्याचा आरोप ठेवून या कंपनीवर दावा दाखल केला आणि नोव्हेंबर २०२५ मध्ये कंपनीने चॅट वापरणाऱ्यांसाठी वयाची पडताळणी आवश्यक करण्याची घोषणा केली. हे आधी करता आले नसते काय? निश्चित करता आले असते. २००५ साली सुरू झालेल्या ‘क्लब पेंग्विन’ या मुलांच्या खेळात, कंपनीने आधीच तयार करून ठेवलेल्या वाक्यांमधूनच निवड करून बोलण्याचा एक पर्याय होता. म्हणजे उपाय ठाऊक होता, तंत्रही उपलब्ध होते. नव्हती ती इच्छा. मूल जितके जास्त बोलते तितके जास्त वेळ खेळात थांबते आणि जितके जास्त थांबते तितका कंपनीचा लाभ वाढतो, हे त्यामागचे साधे व्यापारी गणित आहे.

पण परदेशातील हे सुधारलेले नियमही आपल्या घरांपर्यंत पोहोचत नाहीत. त्याचे कारण आपल्याच हातात आहे. अनेक मराठी घरांत मूल खेळते ते वडिलांच्या वा आईच्या मोबाइलवर आणि खेळाचे अकाउंटही त्यांच्याच ईमेलवर उघडलेले असते. कधी घाईत, कधी मुलानेच, जन्मतारीख भलतीच टाकलेली असते. परिणामी त्या खेळाच्या लेखी आपला इयत्ता पाचवीतला मुलगा हा चाळीस वर्षांचा गृहस्थ ठरतो. तेरा वर्षांखालील मुलांसाठी केलेले एकही संरक्षण त्याला लागू होत नाही. सगळ्या खिडक्यांना गज बसविले आणि मुलाला मात्र आपणच ओट्यावर निजविले, असा हा प्रकार आहे. हा लेख वाचून झाल्यावर वाचकांनी एवढे एकच काम केले तरी पुष्कळ झाले. मुलाच्या खेळातील अकाउंटवर जन्मवर्ष कोणते नोंदले आहे, ते त्याच्या शेजारी बसून पाहावे.

शासनाने बंदी घातली की प्रश्न मिटेल, असेही काहींना वाटते. २ सप्टेंबर २०२० रोजी केंद्र सरकारने माहिती तंत्रज्ञान कायद्याच्या कलम ६९-ए अन्वये ‘पब्जी मोबाइल’सह ११८ ॲपवर बंदी घातली. ती देशाची सुरक्षा आणि नागरिकांची माहिती यांच्या रक्षणासाठी होती आणि त्या दृष्टीने तिचे महत्त्व होतेच. परंतु मुले खेळायची थांबली नाहीत, ती दुसऱ्या खेळांकडे वळली. जुलै २०२१ मध्ये त्याच खेळाचा भारतीय अवतार आला, जुलै २०२२ मध्ये तोही हटविला गेला आणि मे २०२३ मध्ये पुन्हा परतला. ऑगस्ट २०२५ मध्ये संसदेने ऑनलाइन गेमिंगविषयीचा स्वतंत्र कायदा केला; त्याचा रोख मुख्यतः पैसे लावून खेळायच्या खेळांवर आहे आणि अनेक संसारांची धूळधाण थांबविण्यासाठी तो आवश्यकच होता. ऑस्ट्रेलियाने १० डिसेंबर २०२५ पासून सोळा वर्षांखालील मुलांना समाजमाध्यमांची दारे बंद केली, पण ऑनलाइन खेळांना त्यातून वगळले. तात्पर्य, कायदा कितीही पुढे आला तरी खेळातली ती कुजबुज त्याच्या कक्षेच्या काठावरच राहते.

याचा अर्थ कायदा दुबळा आहे, असा मात्र नाही. माहिती तंत्रज्ञान कायद्याच्या कलम ६७-बी अन्वये मुलांना लैंगिक हेतूने ऑनलाइन संबंधांत ओढणे हा गुन्हा आहे. बालकांचे लैंगिक अपराधांपासून संरक्षण करणारा २०१२ चा पोक्सो कायदा तर त्याहून स्पष्ट आहे. लैंगिक हेतूने बालकाशी इलेक्ट्रॉनिक माध्यमातून वारंवार संपर्क साधणे हा त्याखाली लैंगिक छळ ठरतो. असा अपराध घडल्याचे कळले, किंवा घडेल अशी धास्ती वाटली, तर पोलिसांना कळविणे हे या कायद्याने प्रत्येकाचे कर्तव्य ठरविले आहे आणि बालकाची ओळख गुप्त ठेवण्याची तजवीजही केली आहे. तरीही आपल्याकडे ‘झाकली मूठ सव्वा लाखाची’ म्हणून प्रकरण घरातच दाबले जाते. अब्रू वाचली असे घराला वाटते. प्रत्यक्षात वाचतो तो गुन्हेगार. तो दुसऱ्या दिवशी दुसऱ्या मुलाला संदेश पाठवायला मोकळा होतो.

मूठ उघडल्यावर ऐकणाराही जागा असावा लागतो, हे ब्रिटनमधील एका प्रकरणाने दाखवून दिले. तेथे चौदा वर्षांचा एक मुलगा मित्रांबरोबर ऑनलाइन खेळत असे. त्यांच्या गटाचा म्होरक्या वयाने मोठा होता. आपण संगणक व्यवसायात मोठे काम करतो, अशा बढाया मारून त्याने त्या मुलाला आपल्या कह्यात घेतले. मुलगा बदलला आहे, हे आईने ओळखले. तिने त्याला समजावले, अडवले आणि २०१३ च्या डिसेंबरमध्ये पोलिसांनाही कळविले. पोलिसांनी पुरेशी दखल घेतली नाही. फेब्रुवारी २०१४ मध्ये तो मुलगा घरी खोटे सांगून त्या म्होरक्याला भेटायला गेला आणि त्याच्या घरात त्याचा खून झाला. २०१५ मध्ये खुन्याला जन्मठेप झाली. नंतर पोलिसांनी आईची माफी मागितली. त्या माउलीने प्रश्न विचारला होता, दारही ठोठावले होते. म्हणून, सारा भार घरावर टाकून पोलीस, शाळा आणि समाज यांनी हात झटकावेत, असे आम्ही म्हणणार नाही. ‘मुले खेळतात, त्यात काय एवढे’ असे म्हणून आईची तक्रार परत पाठविणारा प्रत्येक अधिकारी या प्रसंगात स्वतःला पाहू शकतो.

आता घराकडे वळू. धमकी देणाऱ्याच्या हातात नेमके काय असते? एखादे छायाचित्र, चार संदेश. त्यांत स्वतःचे असे काही बळ नसते. त्याचे खरे भांडवल एका वाक्यात असते, ‘तुझ्या घरी सांगेन.’ हे वाक्य ज्या मुलाला घाबरवते, त्या मुलाला परक्या माणसापेक्षा स्वतःच्या घराची भीती अधिक वाटते, असा त्याचा अर्थ होतो. बाबा मारतील, आई रडेल, मोबाइल कायमचा जाईल, आजी-आजोबांना कळेल, शिकवणी बंद होईल. ही सारी भीती आपण पेरलेली असते आणि पीक तो भामटा काढतो. मोबाइल हिसकावून घेणे हा आपल्याला उपाय वाटतो. मूल मात्र त्यातून एवढेच शिकते की, सांगितले की शिक्षा होते. पुढच्या वेळी ते सांगत नाही. शिस्त नको, असे आमचे म्हणणे नाही. वेळेचे बंधन हवे, रात्री मोबाइल आईबाबांच्या खोलीत राहावा, जेवताना तो दूर असावा. पण संकटात सापडून सांगायला आलेल्या मुलाला शिस्त लावण्याची ती वेळ नव्हे. ती वेळ त्याला जवळ घेण्याची असते.

आणखी एक प्रश्न आपण स्वतःला क्वचितच विचारतो. आपल्या मुलीला कोणी संदेश पाठविला, याची चिंता प्रत्येकाला आहे. आपला मुलगा काय पाठवितो? ऑनलाइन खेळांत अनेक मुली मुलाचे नाव घेऊन खेळतात, आवाजी संवाद बंद ठेवतात. कारण समोर मुलगी आहे हे कळताच काय ऐकावे लागते, हे त्यांना अनुभवाने ठाऊक असते. ते ऐकविणारे सारेच काही अट्टल गुन्हेगार नसतात. त्यांत चांगल्या घरांतली, स्तोत्रे पाठ असलेली, थोरामोठ्यांच्या पाया पडणारी मुलेही असतात. समोर चेहरा नाही, खरे नाव नाही, कोणी पाहत नाही, एवढ्या भरवशावर त्यांची जीभ सैल सुटते. कोणी पाहत नसताना माणूस जसा वागतो, तोच त्याचा संस्कार. परस्त्रीला मातेसमान मानणाऱ्या शिवरायांचा जयजयकार करणाऱ्या मुलाने खेळातल्या अनोळखी मुलीला काय लिहिले, हे त्याच्या बापाने एकदा तरी विचारले पाहिजे.

मग करायचे काय? फार काही अवघड नाही. आठवड्यातून अर्धा तास मुलाशेजारी बसावे आणि त्याचा खेळ त्याच्याकडूनच शिकून घ्यावा. आईबाबांना शिकविण्यासारखा दुसरा आनंद त्या वयात नसतो. त्याच बैठकीत अनोळखी व्यक्तींचे संदेश बंद करण्याची सेटिंग शोधावी आणि का बंद करायची, हेही सांगावे. खरे नाव, शाळा, पत्ता, छायाचित्र द्यायचे नाही आणि कोणी दुसऱ्या ॲपवर बोलावले तर घरी सांगायचे, हे दोन नियम पुरेसे आहेत. त्याबरोबर आपणही मुलाला एक वचन द्यावे, ‘काहीही झाले, चूक तुझी असली तरी, आधी ऐकून घेऊ, सांगितलेस म्हणून शिक्षा करणार नाही.’ हे वचन संकट येण्यापूर्वी दिलेले असावे आणि पाळलेले असावे. अनिष्ट प्रसंग घडलाच, तर घाबरून संदेश पुसून टाकू नयेत, तेच पुरावे असतात. समोरच्या खेळाडूचे खेळातील नाव आणि संदेशांची तारीख-वेळ टिपून ठेवावी, पैसे देऊ नयेत आणि त्याच्याशी वाद घालू नये. मुलाचे छायाचित्र कोणालाही, अगदी मदतीच्या हेतूनेही, पुढे पाठवू नये. बालकांसाठी १०९८ आणि सायबर गुन्ह्यांसाठी १९३० हे क्रमांक घरात लिहून ठेवावेत. राष्ट्रीय सायबर गुन्हे पोर्टलवर तसेच जवळच्या पोलीस ठाण्यात तक्रार नोंदविता येते.

अक्षय कुमार यांनी त्या कार्यक्रमात, सातवी ते दहावीच्या वर्गांसाठी दर आठवड्याला एक ‘सायबर तास’ असावा, अशी विनंती मुख्यमंत्र्यांना केली. सूचना स्वागतार्ह आहे. मात्र मुले सातवीच्या पुष्कळ आधीच खेळू लागतात आणि वर्गाची खरी गरज पालकांनाही आहे. येथे शासनाच्या आदेशाची वाट पाहत बसण्याचे कारण नाही. आपल्या गावोगावच्या संस्कार वर्गांत, अभ्यासिकांत, महिला मंडळांत, सोसायटीच्या गणेशोत्सवात हा विषय याच वर्षी घेता येईल. ज्या वस्त्यांमध्ये आईवडील दिवसभर कामावर असतात आणि घरातला एकच मोबाइल मुलांच्या हाती असतो, तेथे तर कार्यकर्त्यांनी आवर्जून जावे. तेथील मुलाला घरी सांगण्याचा धीर झाला नाही, तर निदान वर्गातल्या ताईला किंवा दादाला सांगावेसे वाटले पाहिजे. असा एक विश्वासाचा माणूस प्रत्येक वस्तीत उभा राहिला, तर त्याचे मोल शंभर व्याख्यानांहून अधिक ठरेल. मात्र त्या ताई-दादांनाही एक पथ्य पाळावे लागेल. मुलाशी एकांतातले गुपित राखण्याचा करार त्यांनीही करू नये. ऐकलेले घरापर्यंत पोहोचवून द्यावे आणि गरज पडल्यास पोलिसांपर्यंत.

अंगण गेले, ओसरी गेली, दिवेलागणीला परतणारी मुलेही आता घराबाहेर फारशी जात नाहीत. काळ मागे नेता येत नाही आणि न्यावा असा हट्टही नको. परंतु त्या अंगणाच्या कडेला येऊन उभी राहणारी आई आणि तिचा तो साधा प्रश्न, हे दोन्ही आपल्याला आजही परत आणता येतील. आज रात्री मुलाने हेडफोन काढून ठेवले की त्याच्या शेजारी बसावे आणि चढ्या आवाजात नव्हे, पूर्वीच्याच मायेने विचारावे, ‘कुणाबरोबर खेळत होतास?’ आणि मग तो सांगेल ते शेवटपर्यंत ऐकून घ्यावे.